व्हिडिओ अडकलाय की अडवलाय? गोल चक्र, काळी स्क्रीन आणि एरर कोड यांचा अर्थ आणि उपाय

समजा, महाशिवरात्रीची सकाळ आहे. वेरूळला घृष्णेश्वर मंदिराबाहेर दर्शनाची लांबच लांब रांग लागली आहे. गावातल्याच एका घरात आजींचे गुडघे दुखतात, रांगेत उभं राहणं जमणार नाही. म्हणून नातवाने मोबाईलचं हॉटस्पॉट सुरू करून टीव्हीवर थेट दर्शन लावून दिलं आहे. दोन मिनिटं चित्र स्वच्छ दिसतं आणि मग मधोमध गोल चक्र फिरायला लागतं.

नातू पुण्यातल्या बहिणीला फोन लावतो. "ताई, तुझ्याकडे दर्शन दिसतंय का गं?"

"हो, एकदम व्यवस्थित."

मंदिर घरापासून दहा मिनिटांच्या अंतरावर आणि दर्शन मात्र पुण्यात नीट दिसतंय, हे कसं?

अशा वेळी बहुतेकजण हाताला येईल ते करून बघतात. टीव्ही बंद-चालू करतात, ॲप काढून पुन्हा टाकतात, पासवर्ड बदलतात आणि शेवटी गुगलवर 'कस्टमर केअर नंबर' शोधतात. यातल्या अनेक गोष्टींनी काही साधत नाही. काहींमुळे डाउनलोड करून ठेवलेले सिनेमे जातात, तर शेवटच्या गोष्टीमुळे बँकेतले पैसेही जाऊ शकतात. त्यामुळे उपाय करण्याआधी बिघाड नेमका कुठे आहे ते ओळखायला हवं. ते फार अवघड नाही.

व्हिडिओ तुमच्यापर्यंत येतो कसा?

तुम्ही प्ले दाबता तेव्हा अख्खा सिनेमा फोनवर येत नाही. व्हिडिओचे काही सेकंदांचे छोटे तुकडे केलेले असतात. प्रत्येक तुकडा कमी-जास्त दर्जात, म्हणजे ३६०पी, ७२०पी, १०८०पी असा वेगवेगळा तयार ठेवलेला असतो. तुमच्या इंटरनेटचा वेग बघून पुढचा तुकडा कोणत्या दर्जाचा मागवायचा हे ॲप ठरवतं. म्हणूनच कधीकधी चित्र अचानक धूसर होतं आणि थोड्या वेळाने पुन्हा स्वच्छ दिसतं. तो बिघाड नसतो. व्हिडिओ थांबू नये म्हणून ॲपने घेतलेला तो निर्णय असतो.

पुढचे काही तुकडे ॲप आधीच आणून साठवून ठेवतं. या साठ्याला बफर म्हणतात. तुकडे येण्याचा वेग बघण्याच्या वेगापेक्षा कमी झाला की साठा संपतो आणि चक्र फिरू लागतं.

तुकडे पोचले तरी काम संपत नाही. नेटफ्लिक्स, प्राइम व्हिडिओ, जिओहॉटस्टार यांसारख्या सेवांवरचे बहुतेक सिनेमे आणि मालिका कुलूपबंद रूपात येतात. तुमचं खातं, तुमचा प्लॅन, तुमचं उपकरण आणि तुमचा देश तपासून झाल्यावरच ॲपला त्या कुलपाची किल्ली मिळते.

म्हणजे व्हिडिओ दिसण्यासाठी रस्ता मोकळा हवा आणि परवानगी मिळायला हवी. रस्त्यात गडबड असेल तर व्हिडिओ अडकतो आणि परवानगीत गडबड असेल तर तो अडवला जातो.

कसं ओळखायचं?

सर्वसाधारणपणे ही लक्षणं बघा.

गोल चक्र फिरतंय, चित्र धूसर होतंय, थोडं चालून थांबतंय: रस्त्याची अडचण.

प्ले दाबताच एरर कोड येतोय, आवाज येतो पण स्क्रीन काळी आहे, 'हा व्हिडिओ तुमच्या भागात उपलब्ध नाही' किंवा 'एकाच वेळी खूप उपकरणांवर पाहिलं जात आहे' असा संदेश येतोय: परवानगीची अडचण.

ॲप उघडताच बंद पडतंय: ॲपची किंवा फोनच्या सिस्टिमची अडचण.

खात्री करायची असेल तर तीन गोष्टी करून बघा. त्याच ॲपमध्ये दुसरा व्हिडिओ लावा. तो चालला तर दोष बहुधा पहिल्या व्हिडिओपुरता आहे. दुसऱ्या एखाद्या ॲपमध्ये व्हिडिओ लावा. तो चालला तर इंटरनेट ठीक आहे. मग वाय-फाय बंद करून मोबाईल डेटावर, किंवा उलट, तोच व्हिडिओ लावा. आता चालला तर दोष पहिल्या जोडणीत आहे. या तीन चाचण्यांना दोन-तीन मिनिटं लागतात आणि पुढची बरीच खटपट वाचते.

व्हिडिओ अडकत असेल तर

१. आजचा डेटा संपला आहे का?

हे कारण सर्रास आढळतं आणि सहसा लक्षात येत नाही. रोज १.५ जीबी किंवा २ जीबी डेटा देणाऱ्या अनेक प्लॅनमध्ये तो संपल्यावर इंटरनेट बंद होत नाही, फक्त वेग ६४ केबीपीएसवर येतो. व्हॉट्सॲपचे मेसेज जात राहतात, त्यामुळे नेट चालू आहे असंच वाटतं. पण नेटफ्लिक्सच्या शिफारशीनुसार ७२०पी व्हिडिओसाठी ३ एमबीपीएस, १०८०पीसाठी ५ एमबीपीएस आणि फोर-के साठी १५ एमबीपीएस वेग लागतो. ३ एमबीपीएस म्हणजे ६४ केबीपीएसच्या जवळपास ४७ पट. इतक्या कमी वेगात चक्र फिरत राहणारच.

सतत ३ एमबीपीएस वेगाने व्हिडिओ बघितला, तर १.५ जीबी डेटा साधारण एक तास सात मिनिटांत संपतो. सकाळी रील्स बघण्यात डेटा गेला असेल तर संध्याकाळच्या मॅचला काय उरणार? आधी कंपनीच्या ॲपमध्ये शिल्लक डेटा तपासा.

२. टॉवरवर गर्दी आहे का?

फोनवर दिसणाऱ्या काड्या सिग्नल किती जोरदार आहे एवढंच सांगतात. त्या टॉवरवर आणखी किती फोन आहेत हे त्यावरून कळत नाही. टॉवरची क्षमता त्याच्या टप्प्यातल्या सगळ्या फोनमध्ये वाटली जाते. घृष्णेश्वर हे बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक. महाशिवरात्रीला आणि श्रावणी सोमवारी इथे मोठी गर्दी होते. शेजारी लेणी असल्याने पर्यटकही असतातच. एवढे सगळेजण एकाच वेळी फोटो पाठवतात, व्हिडिओ कॉल करतात, लाइव्ह जातात. काड्या पूर्ण दिसतात, पण वाट्याला येणारा वेग अगदी कमी असतो.

आजींच्या घरातला गोंधळ इथेच आहे. मंदिरातलं चित्र थेट घरी येत नाही. आधी ते दूरच्या सर्व्हरवर जातं आणि तिथून पुण्याला वेगळ्या वाटेने, तर वेरूळला त्या गर्दीच्या टॉवरवरून येतं. ताईच्या घरी फायबरची जोडणी आहे, तिच्या वाटेत ही गर्दी नाही.

उपाय: व्हिडिओचा दर्जा ऑटोवर न ठेवता ३६०पी किंवा २४०पी करा. फोन अर्धा मिनिट एअरप्लेन मोडवर ठेवून परत चालू करा, म्हणजे तो टॉवरशी नव्याने जोडला जातो. सेटिंगमध्ये जाऊन ५जी ऐवजी ४जी, किंवा उलट, करून बघा. दुसऱ्या कंपनीचं सिम घरात असेल तर त्याचं हॉटस्पॉट वापरा. शेजारी फायबर असेल तर उत्तमच, कारण टॉवरवरच्या गर्दीचा त्यावर तसा परिणाम होत नाही.

३. मध्ये दगड किंवा भिंत आहे का?

वेरूळची ३४ लेणी बेसॉल्टच्या कातळात कोरलेली आहेत. १६ क्रमांकाच्या कैलास लेण्याच्या उघड्या प्रांगणात फोनला रेंज असली, तरी एखाद्या खोल लेण्याच्या आतल्या दालनात गेल्यावर ती जाऊ शकते, कारण जाड कातळातून रेडिओ लहरी फारशा पार होत नाहीत. तिथून लाइव्ह जायचं ठरवलं असेल तर हे आधीच लक्षात घ्या. व्हिडिओ रेकॉर्ड करून बाहेर आल्यावर टाकणं सोयीचं.

घरातही हेच होतं. जुन्या दगडी किंवा जाड भिंतींच्या घरात राउटर एका खोलीत आणि टीव्ही दुसऱ्या टोकाला असेल तर वाय-फाय कमकुवत होतं. बऱ्याच राउटरवर २.४ गिगाहर्ट्झ आणि ५ गिगाहर्ट्झ अशी दोन नावं दिसतात. ५ चा वेग जास्त, पण ते भिंतींपलीकडे कमी पोचतं. २.४ चा वेग कमी, पण पल्ला जास्त. टीव्ही राउटरच्या खोलीतच असेल तर ५ आणि लांब असेल तर २.४ निवडा. शक्य असेल तर टीव्हीला थेट केबल जोडा. राउटर कपाटात किंवा टीव्हीच्या मागे लपवून ठेवू नका.

४. लाइव्ह असेल तर थोडं मागे जा

सिनेमा बघताना ॲप पुढचे तुकडे आधीच आणून ठेवू शकतं. थेट प्रक्षेपणात पुढचे तुकडे अजून तयारच झालेले नसतात, त्यामुळे साठा छोटा राहतो आणि वेग जरा कमी झाला तरी चित्र थांबतं. यूट्यूब लाइव्हवर मागे जाण्याची सोय सुरू असेल तर व्हिडिओ एक-दोन मिनिटं मागे न्या. आता ॲपला पुढचं साठवायला वाव मिळतो. क्रिकेटमध्ये हे परवडत नाही, शेजारच्या घरातून आरडाओरडा आधी ऐकू येतो! पण आरती, कीर्तन किंवा भाषण दोन मिनिटं उशिरा दिसलं तरी बिघडत नाही.

सगळ्यांकडेच व्हिडिओ अडकत असेल तर दोष प्रक्षेपण करणाऱ्याच्या बाजूला असू शकतो. त्याच्या फोनचा अपलोडचा वेग कमी पडला तर बघणाऱ्याच्या हातात काहीच नसतं.

व्हिडिओ अडवला जात असेल तर

१. तारीख आणि वेळ बघा

हे ऐकून हसू येईल, पण टीव्हीला जोडलेले स्वस्त बॉक्स आणि जुने फोन यांच्याबाबतीत हे कारण खरंच सापडतं. ॲप आणि सर्व्हर एकमेकांची ओळख डिजिटल प्रमाणपत्राने पटवतात आणि त्या प्रमाणपत्राला मुदत असते. वीज गेल्यावर किंवा बॅटरी पूर्ण संपल्यावर उपकरणाचं घड्याळ मागे गेलं, तर चांगलं प्रमाणपत्रही त्याला चुकीचं वाटतं आणि ते जोडणी नाकारतं. सेटिंगमध्ये जाऊन तारीख-वेळ 'ऑटोमॅटिक' करा.

२. प्लॅनमध्ये काय आहे ते बघा

नेटफ्लिक्सचा भारतातला मोबाईल प्लॅन फोन आणि टॅबलेटसाठीच आहे, तो टीव्हीवर चालत नाही. बहुतेक सेवांमध्ये एकाच वेळी किती उपकरणांवर बघता येईल याला मर्यादा असते. पासवर्ड मामाकडे, काकाकडे आणि हॉस्टेलवरच्या भावाकडे असेल तर रविवारी संध्याकाळी 'खूप उपकरणं सुरू आहेत' हा संदेश येणारच. खात्याच्या सेटिंगमध्ये सुरू असलेली उपकरणं दिसतात. ओळखीची नसतील ती साइन आउट करा आणि मग पासवर्ड बदला.

३. आवाज येतो, पण स्क्रीन काळी?

हे चोरी रोखण्यासाठीच्या कुलपामुळे होतं. स्क्रीन रेकॉर्डिंग किंवा स्क्रीन शेअरिंग सुरू असेल तर अनेक ॲप चित्र दाखवत नाहीत. ते बंद करा. लॅपटॉप टीव्हीला एचडीएमआय केबलने जोडला असेल तर दोन्ही टोकांनी 'एचडीसीपी' नावाचं संरक्षण मान्य करावं लागतं. जुना टीव्ही किंवा मधला स्वस्त कन्व्हर्टर ते मान्य करत नसेल तर चित्र दिसत नाही. केबल काढून पुन्हा लावा, टीव्हीचं दुसरं पोर्ट वापरा आणि मधला कन्व्हर्टर काढून बघा.

नवा फोन, वेगवान नेट, तरी चित्र धूसरच? अँड्रॉइडवर 'वाइडवाइन' नावाची कुलूप-यंत्रणा असते. तिची 'एल१' पातळी असलेल्या उपकरणावर एचडी मिळू शकतं. 'एल३' पातळी असेल तर अनेक सेवा साधारण ४८०पी पर्यंतच दाखवतात. अशा वेळी ॲप पुन्हा टाकून काही उपयोग नाही, कारण ती मर्यादा उपकरणाचीच आहे. टीव्ही बॉक्स विकत घेण्याआधीच हे विचारून घ्या.

४. परदेशात किंवा व्हीपीएनवर आहात का?

सिनेमा आणि मालिकांचे हक्क देशानुसार विकले जातात. त्यामुळे पुण्यात दिसणारा मराठी सिनेमा दुबईत किंवा न्यू जर्सीत त्याच ॲपवर दिसेलच असं नाही. यात फोनचा दोष नाही. भारतात असूनही असा संदेश येत असेल तर फोनमध्ये एखादं व्हीपीएन सुरू राहिलं आहे का ते बघा.

एरर कोड वाचा

कोड म्हणजे ॲपने दिलेलं थेट उत्तर असतं. तो लिहून घ्या किंवा दुसऱ्या फोनने त्याचा फोटो काढा. नेटफ्लिक्सची तीन उदाहरणं बघा. स्क्रीनवर ही अक्षरं रोमन लिपीत दिसतील. 'एनडब्ल्यू-२-५' म्हणजे उपकरण नेटफ्लिक्सपर्यंत पोचत नाही, राउटर आणि नेट तपासा. 'यूआय-८००-३' म्हणजे उपकरणात साठलेली माहिती ताजी करायला हवी, साइन आउट करून पुन्हा साइन इन करा. 'एम७१११-५०५९' म्हणजे व्हीपीएन किंवा प्रॉक्सी सापडली आहे, ती बंद करा. इतर सेवांचे कोड त्यांच्या अधिकृत मदत पानावर सापडतात.

चूक त्यांचीही असू शकते

१५ नोव्हेंबर २०२४ रोजी माइक टायसन आणि जेक पॉल यांची लढत नेटफ्लिक्सवर थेट दाखवली गेली. तेव्हा असंख्य प्रेक्षकांनी चित्र अडकत असल्याची तक्रार केली होती. मार्च २०२१ मध्ये अँड्रॉइडच्या 'सिस्टिम वेबव्ह्यू' या घटकात दोष आल्याने जगभरात अनेक ॲप उघडताच बंद पडत होती. नवं अपडेट आल्यावर ती सुरळीत झाली. अशा वेळी फोन रीसेट करणं म्हणजे नळाला पाणी येत नाही म्हणून नळ बदलण्यासारखं आहे.

त्यामुळे ॲपला हात लावण्याआधी कंपनीचं अधिकृत समाजमाध्यम खातं किंवा डाउनडिटेक्टरसारखी साइट बघा. हजारोजण तीच तक्रार करत असतील तर थांबा.

'क्लिअर कॅशे' आणि 'क्लिअर डेटा' एक नाही

अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये ही दोन बटणं शेजारीशेजारी असतात. कॅशे साफ केल्यावर फक्त तात्पुरत्या फायली जातात, म्हणून ते निर्धास्तपणे करा. डेटा साफ केल्यावर लॉगिन, सेटिंग आणि त्या ॲपमध्ये डाउनलोड केलेले व्हिडिओही जातात. ॲप काढून टाकल्यावरही तेच होतं. प्रवासासाठी सिनेमे उतरवून ठेवले असतील आणि रात्री साडेदहाला बस असेल, तर दहा वाजता 'क्लिअर डेटा' दाबू नका.

फोनची जागा पूर्ण भरली असेल तरी व्हिडिओ अडखळू शकतात. एक-दोन जीबी जागा मोकळी ठेवा.

कस्टमर केअर नंबर गुगलवर शोधू नका

ओटीटी, बँक, गॅस अशा सेवांच्या नावाने खोटे मदत क्रमांक इंटरनेटवर पेरलेले असतात. फोन लावला की पलीकडचा माणूस गोड बोलतो, 'तुमचं रिफंड करतो' किंवा 'इथूनच दुरुस्त करतो' असं सांगतो आणि स्क्रीन दाखवणारं ॲप टाकायला लावतो. मग तुमच्या फोनवर येणारा ओटीपी त्याला दिसतो. फेब्रुवारी २०१९ मध्ये रिझर्व्ह बँकेने 'एनीडेस्क'सारख्या दुरून फोन चालवता येणाऱ्या ॲपच्या गैरवापराबद्दल बँकांना सावध केलं होतं.

मदत हवी असेल तर ॲपमधल्याच 'हेल्प' विभागात जा. व्हिडिओ दुरुस्त करायला कुणालाही ओटीपी, कार्ड क्रमांक किंवा यूपीआय पिन लागत नाही. पैसे परत मिळवण्यासाठीही पिन टाकावा लागत नाही. लिंकवरून आलेली एपीके फाइल टाकू नका. १४ फेब्रुवारी २०२५ पासून जिओसिनेमा आणि डिस्ने प्लस हॉटस्टार यांचं जिओहॉटस्टार झालं. जुन्या नावाचं ॲप कुणी लिंकवर देत असेल तर ते घेऊ नका. ॲप फक्त प्ले स्टोअर किंवा ॲप स्टोअरवरून घ्या.

फसवणूक झालीच तर लगेच १९३० या राष्ट्रीय हेल्पलाइनवर फोन करा आणि बँकेला कळवा. जितका उशीर, तितकी पैसे परत मिळण्याची शक्यता कमी.

थोडक्यात, या क्रमाने जा

१. कोड किंवा संदेश वाचा, फोटो काढा.
२. दुसरा व्हिडिओ, दुसरं ॲप, दुसरं नेटवर्क करून बघा.
३. शिल्लक डेटा तपासा.
४. सेवा सगळ्यांकडेच बंद आहे का ते बघा.
५. व्हिडिओचा दर्जा कमी करा.
६. ॲप पूर्ण बंद करून उघडा, मग फोन किंवा टीव्ही आणि राउटर बंद-चालू करा.
७. तारीख-वेळ, व्हीपीएन आणि प्लॅन तपासा.
८. ॲप अपडेट करा, कॅशे साफ करा.
९. तरीही जमलं नाही, तरच डेटा साफ करा किंवा ॲप पुन्हा टाका. आधी पासवर्ड लक्षात आहे ना, ते बघा.

आता आजींच्या घरी परत येऊ. नातवाने बाकी काही करायची गरज नाही. पुण्यात व्हिडिओ चालतोय, म्हणजे प्रक्षेपण ठीक आहे. एरर कोड नाही, म्हणजे परवानगीही आहे. डेटा शिल्लक आहे. अडचण टॉवरवरच्या गर्दीची आहे. त्याने दर्जा ३६०पी वर आणावा, व्हिडिओ दोन मिनिटं मागे घ्यावा आणि फोन खिडकीजवळ ठेवावा. एवढ्या वेगातही चित्र टिकलं नाही, तर दुसऱ्या कंपनीच्या सिमचं हॉटस्पॉट लावावं. चित्र थोडं धूसर दिसेल, पण आजींचं दर्शन होईल.